ॲमस्टरडॅम ते बर्लिन : देवाविषयीच्या एका वादाच्या मागावर आठ दिवस

युरोपातल्या अठराव्या शतकाला मराठीत कधी ‘प्रबोधन’ म्हणतात, कधी ‘ज्ञानोदय’. ‘प्रबोधन’ हा शब्द त्याआधीच्या इटलीतल्या पुनरुज्जीवनालाही लावला जातो, म्हणून इथे ज्ञानोदय हाच शब्द ठेवू. त्या काळच्या तत्त्वज्ञांनी देवाला रजा दिली, असा एक सरधोपट समज आहे. मूळ ग्रंथ वाचले, आणि ते जिथे लिहिले, छापले, अडवले गेले त्या गावांतून फिरले, की वादाचा खरा मुद्दा वेगळाच दिसतो. देव आहे की नाही हा प्रश्न त्यांच्यापैकी फार थोड्यांचा होता. श्रद्धेने कशाच्या आधारावर उभे राहायचे, चमत्काराच्या, ग्रंथाच्या, तर्काच्या की माणसाच्या वागणुकीच्या, आणि हे ठरवण्याचा हक्क कोणाचा, यावर सगळी झुंज होती.

या प्रवासाचा धागा एका संभाषणाचा आहे. जुलै १७८० मध्ये वोल्फेनब्यूटल या लहान गावात याकोबी नावाचा लेखक नाटककार आणि ग्रंथपाल लेसिंगला भेटला. पुढच्या सहा वर्षांत त्या गप्पांनी जर्मन तत्त्वज्ञानाला हादरवले. शंभर वर्षांपूर्वी वारलेला डच यहुदी तत्त्वज्ञ स्पिनोझा पुन्हा चर्चेत आला, त्या वादाच्या ऐन भरात बर्लिनचा यहुदी तत्त्वज्ञ मेंडेल्सोन याचा मृत्यू झाला, आणि क्योनिग्सबर्गचा तत्त्वज्ञ कांट याला श्रद्धेवर थेट लिहावे लागले. म्हणून मार्ग स्पिनोझाच्या ॲमस्टरडॅमपासून मेंडेल्सोनच्या बर्लिनपर्यंत.

निघण्यापूर्वीची तयारी. भारतीय पारपत्र असेल तर शेंगेन व्हिसा लागतो, आणि ज्या देशात जास्त दिवस मुक्काम त्या देशाकडे अर्ज करायचा. या आखणीत ते जर्मनी. सुरुवात मंगळवारी करावी. दोन्ही देशांतली बरीच संग्रहालये सोमवारी बंद असतात, आणि मंगळवारी निघाले की सोमवार बर्लिनमध्ये येतो, जिथे त्या दिवशीच्या जागा उघड्यावरच्या आहेत. जर्मनीत प्रादेशिक गाड्यांसाठी महिन्याचे ‘डॉइशलांडटिकेट’ सोयीचे आहे, पण दोन गोष्टी अनेकांना नडतात. एक, ते जलद आयसी आणि आयसीई गाड्यांत चालत नाही. दोन, ते वर्गणी पद्धतीचे आहे; चालू महिन्याच्या १० तारखेपर्यंत रद्द केले नाही तर पुढच्या महिन्याचे पैसे आपोआप कापले जातात.

कांटची समाधी या प्रवासात नाही. त्याचे क्योनिग्सबर्ग आज रशियातले कालिनिनग्राद आहे, तिथला व्हिसा वेगळा. पण कांटचे या विषयावरचे महत्त्वाचे लेख बर्लिनच्या मासिकात आले, आणि धर्मावरच्या त्याच्या ग्रंथाला छपाईची परवानगी येनाहून मिळाली. तो स्वतः त्या प्रदेशाबाहेर कधी गेला नसला तरी त्याचा मजकूर या मार्गावरून फिरलेला आहे.

दिवस पहिला, मंगळवार : ॲमस्टरडॅम

वॉटरलोप्लाइन या मेट्रो स्थानकापासून सुरुवात करावी. जवळच १६७५ साली उभे राहिलेले पोर्तुगीज सिनेगॉग, म्हणजे यहुदींचे प्रार्थनामंदिर, आहे. आत आजही विजेचे दिवे नाहीत, पितळी झुंबरांत मेणबत्त्या लावतात, आणि जमिनीवर बारीक वाळू पसरलेली असते. अनेक पर्यटक इथे उभे राहून ‘याच वास्तूत स्पिनोझाला बहिष्कृत केले’ असे समजतात. ते चूक आहे. बहिष्काराचा ठराव २७ जुलै १६५६ रोजी वाचला गेला, म्हणजे ही इमारत होण्याच्या १९ वर्षे आधी. तेव्हाचे सिनेगॉग हाउटग्राख्ट या कालव्यावर होते. तो कालवा पुढे बुजवला आणि त्या जागी आजचा वॉटरलोप्लाइन चौक झाला. स्पिनोझा तेव्हा २३ वर्षांचा होता. ठरावात शापांची लांब मालिका आहे आणि शेवटी अगदी व्यावहारिक सूचना आहेत : त्याच्याशी कोणी बोलू नये, पत्रव्यवहार करू नये, एका छपराखाली राहू नये, चार हातांच्या आत जाऊ नये, त्याने लिहिलेले वाचू नये. आपल्याकडे वाळीत टाकण्याचा इतिहास ज्याला माहीत आहे, त्याला यातला प्रत्येक शब्द ओळखीचा वाटेल. ‘पाखंडी मते’ असा आरोप ठरावात आहे. ती मते कोणती, हे मात्र लिहिलेले नाही.

तिथून पाच मिनिटांवर, झ्वानेनबुर्गवालच्या काठावर २००८ साली बसवलेला स्पिनोझाचा पुतळा आहे. खाली डच भाषेत कोरलेले वाक्य त्याच्याच ग्रंथातले : राज्याचे उद्दिष्ट स्वातंत्र्य आहे.

दुपारी हायलिखेवेख या खरेदीच्या रस्त्यावर जावे. दुकानांच्या रांगेत एक जुने दगडी प्रवेशद्वार उरले आहे, ते रास्पहाउस या तुरुंगाचे. कैद्यांकडून तिथे ब्राझीलचे कठीण लाकूड किसून घेत. त्या भुकटीचा रंग होई. स्पिनोझाचा मित्र आद्रियान कूरबाख याला १६६८ मध्ये दहा वर्षांची शिक्षा झाली आणि १६६९ मध्ये तो कैदेतच वारला. येशूचे देवत्व आणि त्रैक्य, म्हणजे पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा मिळून एकच देव हे मत, त्याने नाकारले होते, पण तेवढ्यावरून शिक्षा एवढी कडक का झाली हे कळायला एक तपशील पाहावा लागतो. त्याने लिहिले ते डच भाषेत, स्वतःच्या नावाने, सामान्य वाचकासाठी. लॅटिनमध्ये पंडितांनी आपसांत बोललेले खपत असे. बाजारातल्या माणसाला समजेल असे लिहिले की दंडाधिकारी येत. स्पिनोझाने हा धडा घेतला. त्याचा ‘धर्म आणि राज्य’ यांवरचा ग्रंथ १६७० मध्ये लॅटिनमध्ये, लेखकाच्या नावाशिवाय आला. मुखपृष्ठावर छपाईचे ठिकाण हाम्बुर्ग आणि एका खोट्या मुद्रकाचे नाव. छापला होता ॲमस्टरडॅममध्येच. पुढच्याच वर्षी डच भाषांतर निघण्याची कुणकुण लागली, तेव्हा स्पिनोझाने स्वतः पत्र लिहून ते थांबवायला सांगितले. तरीही १६७४ मध्ये हॉलंडच्या शासनाने ग्रंथावर बंदी घातलीच.

दिवस दुसरा, बुधवार : राइन्सबुर्ग आणि हेग

ॲमस्टरडॅमहून लायडन पाऊणएक तासाच्या आत येते. तिथून बसने राइन्सबुर्ग. स्पिनोझा १६६१ ते १६६३ या काळात ज्या घरात भाड्याने राहिला ते आज संग्रहालय आहे. ते दुपारीच उघडते, म्हणून सकाळ लायडनमध्ये काढून मग निघावे. सकाळी थेट गेलात तर बंद दारासमोर उभे राहावे लागेल. वेळ आदल्या दिवशी संकेतस्थळावर पाहून घ्यावी.

घर अगदी लहान. दर्शनी भिंतीवर दगडात चार ओळींची डच कविता आहे : सगळी माणसे शहाणी असती आणि भलेही इच्छित असती, तर ही पृथ्वी स्वर्ग झाली असती; आज ती बहुतांशी नरक आहे. आत भिंग घासण्याचे यंत्र आणि स्पिनोझाच्या ग्रंथसंग्रहाची पुनर्रचना. मृत्यूनंतर त्याच्या सामानाची यादी झाली होती. त्या यादीवरून सुमारे १६० पुस्तकांच्या त्याच आवृत्त्या जमवल्या आहेत. म्हणजे कपाटातली प्रत त्याच्या हातातली नाही, पण पुस्तक तेच. १९२० मध्ये आइनस्टाइन इथे येऊन गेला. पाहुण्यांच्या वहीत त्याची सही आहे.

गावाची निवडही सहज झालेली नव्हती. राइन्सबुर्ग हे कॉलेजियंट पंथाचे केंद्र होते. या ख्रिस्ती मंडळींत पुरोहित नसे. सभेत कोणीही उठून बोलावे. ज्याला स्वतःच्या समाजाने वाळीत टाकले त्याला आसरा मिळाला तो अशा श्रद्धाळू लोकांत, नास्तिकांच्या अड्ड्यात नव्हे. याचे प्रतिबिंब त्या १६७०च्या ग्रंथाच्या चौदाव्या प्रकरणात दिसते. तिथे तो सार्वत्रिक श्रद्धेची सात कलमे देतो आणि सगळ्यांचा निचोड एका गोष्टीत काढतो : देवाची आज्ञा पाळणे म्हणजे न्यायाने वागणे आणि शेजाऱ्यावर प्रेम करणे. देवाचे स्वरूप अग्नी, आत्मा, प्रकाश की विचार, याबद्दल ज्याने त्याने काय मानायचे ते मानावे. श्रद्धेची पारख कृतीवरून. कांटच्या १२० वर्षे आधी मांडणीचा पहिला खांब इथे रोवला गेला. फरक एवढाच, आणि तो मोठा आहे, की स्पिनोझा श्रद्धा आणि तत्त्वज्ञान यांना दोन वेगळी घरे देतो. श्रद्धेचे काम आज्ञापालन, तत्त्वज्ञानाचे काम सत्य. त्याच्या स्वतःच्या तत्त्वज्ञानातला देव निसर्गाहून वेगळा नाही. तो प्रार्थना ऐकत नाही, शिक्षाही देत नाही.

लायडनहून हेग गाडीने पंधरा मिनिटे. पाविलून्सग्राख्टवरचे ७२–७४ क्रमांकाचे घर, जिथे तो २१ फेब्रुवारी १६७७ रोजी वारला, बाहेरूनच पाहावे. समोर १८८० चा पुतळा आहे. स्पाउ रस्त्यावरच्या न्यूवे केर्क या चर्चमध्ये त्याला पुरले होते. मागच्या बाजूला स्मारकशिला आहे, तिच्यावर हिब्रूतला एकच शब्द : ‘तुझे लोक’. बहिष्काराला तीनशे वर्षे झाली त्या १९५६ साली तो दगड बसवला गेला.

दिवस तिसरा, गुरुवार : गाडीतला दिवस

ॲमस्टरडॅमहून बर्लिनकडे जाणारी थेट गाडी हानोव्हरला साधारण चार-साडेचार तासांत पोचवते. तिथे गाडी बदलून ब्राउनश्वाइग. मुक्काम इथेच करावा, वोल्फेनब्यूटलमध्ये राहण्याची सोय मोजकी आहे. गाडीत लेसिंगचे ‘शहाणा नाथान’ हे नाटक वाचावे. निदान तिसऱ्या अंकाचा सातवा प्रवेश. उद्याचा दिवस त्याशिवाय अर्धा जाईल. ब्राउनश्वाइगच्या माग्नी दफनभूमीत लेसिंगची कबर आहे. संध्याकाळी उजेड असेल तर आजच पाहून घ्यावी.

दिवस चौथा, शुक्रवार : वोल्फेनब्यूटल

ब्राउनश्वाइगहून दहा-बारा मिनिटांचा प्रवास. स्थानकापासून लाकडी चौकटींच्या घरांमधून चालत ड्यूक आउगुस्ट ग्रंथालय. याच संस्थेत तत्त्वज्ञ लायब्नित्स १६९१ पासून मृत्यूपर्यंत ग्रंथपाल होता. लेसिंग १७७० मध्ये आला आणि १७८१ मध्ये वारला तोवर या पदावर होता. समोरच्या पिवळसर बैठ्या घरात तो राहिला. ते आज लेसिंगहाउस म्हणून पाहता येते. लग्न १७७६ मध्ये. १७७७ च्या नाताळात मुलगा जन्मून लगेच गेला, जानेवारी १७७८ मध्ये पत्नी एवा गेली. त्याच महिन्यांत तो आयुष्यातला सर्वात तिखट धर्मवाद लढत होता, हे या खोल्यांत फिरताना विसरता येत नाही.

वाद उभा कसा राहिला, तो क्रम समजून घ्यावा. हाम्बुर्गचे प्राध्यापक रायमारुस यांनी बायबलातल्या साक्षात्कारावर कठोर टीका करणारे मोठे हस्तलिखित आयुष्यभर गुपचूप लिहिले. १७६८ मध्ये ते वारले. त्यांची कन्या एलिझ आणि मुलगा यांच्याकडून त्यातला काही भाग लेसिंगच्या हाती आला. छापायचा कसा? ग्रंथालयातला ठेवा प्रसिद्ध करण्यासाठी लेसिंगला सेन्सॉरमधून सूट होती. त्याने १७७४ पासून ‘एका अनामिकाचे तुकडे’ म्हणून, जणू ग्रंथालयातच सापडले अशा रीतीने, ते छापायला सुरुवात केली. इस्राएली लोकांचा लाल समुद्र ओलांडण्याचा प्रसंग एवढ्या लोकसंख्येला एका रात्रीत शक्य नाही, हे रायमारुस हिशोब मांडून दाखवतात. पुनरुत्थानाच्या चार वृत्तांतांतल्या विसंगती एकेक करून पुढे ठेवतात. हाम्बुर्गचे मुख्य धर्मोपदेशक गोत्से यांनी हल्ला चढवला, लेसिंगने पत्रकांमागून पत्रके काढली. जुलै १७७८ मध्ये ब्राउनश्वाइगच्या ड्यूकने सेन्सॉरची सूट काढून घेतली. रायमारुसांचा संपूर्ण ग्रंथ छापून आला तो थेट १९७२ मध्ये.

लेसिंगची स्वतःची भूमिका मात्र रायमारुसांची नव्हती, आणि इथे बरेच वाचक घसरतात. त्याचे म्हणणे असे : समजा चमत्कारांचे वृत्तांत खरे आहेत. तरी इतिहासात घडलेली गोष्ट बुद्धीच्या अटळ सत्याचा पुरावा कधीच होऊ शकत नाही. या दोहोंमधल्या अंतराला तो ‘ओंगळ रुंद खंदक’ म्हणतो. कितीदा उडी मारायचा प्रयत्न केला तरी आपल्याला तो ओलांडता येत नाही, असे तो लिहितो. ग्रंथावरची टीका खरी ठरली म्हणून धर्म पडत नाही, कारण धर्म ग्रंथावर उभाच नव्हता. प्रेषितांनी शिकवले म्हणून तो खरा नाही. तो खरा होता म्हणून त्यांनी शिकवला.

पत्रके बंद झाल्यावर त्याने ‘माझे जुने व्यासपीठ’, म्हणजे रंगभूमी, गाठली. ‘शहाणा नाथान’ १७७९ मध्ये वर्गणीदार जमवून छापले. सुलतान सलादीन यहुदी नाथानला विचारतो, तीन धर्मांपैकी खरा कोणता? नाथान अंगठीची गोष्ट सांगतो. वडिलांकडे अशी अंगठी की जो विश्वासाने घालेल तो देवाला आणि माणसांना प्रिय होईल. तीन मुले सारखीच लाडकी, म्हणून दोन हुबेहूब नकला. मुले न्यायाधीशाकडे जातात. न्यायाधीश निकाल देत नाही, सल्ला देतो : आपली अंगठी खरी आहे असे प्रत्येकाने मानावे आणि सौम्यपणाने, सहिष्णुतेने, सत्कर्माने तिचे सामर्थ्य सिद्ध करून दाखवावे, हजारो वर्षांनी दुसरा न्यायाधीश निवाडा करील. ‘सगळे धर्म सारखेच’ असा सोपा अर्थ याचा काढतात, तो पुरेसा नाही. न्यायाधीश तिघांनाही प्रश्न करतो : तुमच्यापैकी कोणावर उरलेले दोघे सर्वाधिक प्रेम करतात? तिघेही गप्प. मग तिन्ही अंगठ्या खोट्या असू शकतात, मूळची हरवलीही असेल, हे तो स्पष्ट बोलतो. धर्माची कसोटी त्याच्या वंशावळीत शोधायची नाही, तो धारण करणाऱ्याच्या हातून काय घडते त्यात शोधायची.

याच घरी ५ जुलै १७८० ला याकोबी आला. दुसऱ्या दिवशी त्याने कवी गटेची ‘प्रोमेथिउस’ ही अप्रकाशित कविता लेसिंगला वाचायला दिली. याकोबीच्या सांगण्याप्रमाणे लेसिंग म्हणाला, देवाच्या रूढ कल्पना माझ्यासाठी उरल्या नाहीत, आणि स्पिनोझाच्या तत्त्वज्ञानाखेरीज दुसरे तत्त्वज्ञान नाही. सात महिन्यांनी लेसिंग वारला. मग याकोबीने हे बोलणे बर्लिनला, लेसिंगचा जिवलग मित्र मेंडेल्सोन याच्यापर्यंत पोचवले. निरोप गेला तो एलिझ रायमारुसच्या हातून. बाकीचे बर्लिनमध्ये.

दिवस पाचवा, शनिवार : हाले

ब्राउनश्वाइगहून माग्डेबुर्गमार्गे हाले. दोन जागा, दोन्ही चालण्याच्या अंतरात, आणि एकमेकींच्या विरोधात उभ्या राहिलेल्या.

ग्रोसे मेर्करश्ट्रासे क्रमांक १० हे तत्त्वज्ञ ख्रिश्चियन वोल्फचे घर, आज शहराचे संग्रहालय. १२ जुलै १७२१ रोजी वोल्फने विद्यापीठात चिनी लोकांच्या आचारधर्मावर व्याख्यान दिले. कन्फ्यूशियसच्या परंपरेतले लोक साक्षात्काराशिवाय, निव्वळ नैसर्गिक बुद्धीच्या बळावर सदाचाराला पोचले, असे त्याने सांगितले. देवाचे अस्तित्व तर्काने सिद्ध करता येते असे मानणारा हा माणूस. नास्तिक म्हणण्याजोगे त्याच्यात काही नव्हते. पण सदाचार बायबलाविना शक्य असेल तर उपदेशकाची गरज काय, हा प्रश्न हालेच्या पाएटिस्ट, म्हणजे अंतःकरणाच्या भक्तीवर भर देणाऱ्या प्रॉटेस्टंट पंथाच्या, धर्मपंडितांना टोचला. ८ नोव्हेंबर १७२३ ला हाले ज्या राज्यात होते त्या प्रशियाचा राजा फ्रीडरिश विल्हेल्म पहिला याचा हुकूम निघाला : ४८ तासांत प्रशियाची हद्द सोडावी, नाहीतर फाशी. वोल्फ मारबुर्गला गेला आणि आणखी प्रसिद्ध झाला. नव्या राजाने १७४० मध्ये त्याला मानाने परत आणले.

दुसरी जागा धर्मोपदेशक फ्रांकेची संस्था, म्हणजे त्याच पाएटिस्टांचा गड. अनाथाश्रम, शाळा, औषधालय, छापखाना असे एक छोटे शहरच. लाकडी चौकटीची सहा मजली इमारत शंभर मीटरहून लांब आहे. अनाथाश्रमाच्या मुख्य इमारतीत माळ्यावर असलेली ‘कला आणि निसर्गवस्तूंची खोली’ चुकवू नये. १७१० साली इथे सुरू झालेल्या बायबल संस्थेची युक्ती साधी होती : जुळवलेले खिळे मोडायचे नाहीत, पाने तशीच बांधून ठेवायची. पुन्हा जुळवणीचा खर्च वाचला आणि बायबल गरिबाला परवडू लागले. ज्यांनी वोल्फला हाकलले त्यांनीच घराघरांत स्वतः वाचणारा माणूस तयार केला. क्योनिग्सबर्गमधली कांटची शाळा याच वळणाची होती. पाएटिस्टांना ज्ञानोदयाचे निव्वळ शत्रू ठरवणाऱ्या पुस्तकांवर विश्वास ठेवू नये. अंतःकरणाची शुद्धी हीच खरी उपासना, हा त्यांचा आग्रह कांटमध्ये वेगळ्या रूपाने शिल्लक आहे; कर्मठ सक्तीचा तिटकाराही त्याला तिथेच लागला.

मराठी माणसाने इथे थोडे जास्त थांबावे. १७०६ पासून तमिळनाडूतल्या तरंगमबाडीला (ट्रांकेबार) जे मिशनरी गेले, त्यांची वाट हालेतून जाई. तिथून आलेली ताडपत्रे इथल्या संग्रहात आहेत. हालेत शिकलेला श्वार्त्स १७५० मध्ये तिकडे पोचला. तंजावरच्या भोसले घराण्यातले सरफोजी लहानपणी त्याच्या देखरेखीत वाढले. १७९८ मध्ये श्वार्त्स वारला, त्याच वर्षी सरफोजी गादीवर आले. त्यांनी युरोपीय शास्त्रे आपलीशी केली, सरस्वती महाल ग्रंथालय वाढवले, देवनागरी खिळ्यांचा छापखाना काढून इसापच्या गोष्टी मराठीत छापल्या. धर्म मात्र बदलला नाही. बृहदीश्वराच्या भिंतीवर भोसल्यांचा इतिहास मराठीत कोरून घेतला, आणि श्वार्त्सचे संगमरवरी स्मारक लंडनच्या फ्लॅक्समनकडून करवून त्याच्या चर्चमध्ये बसवले. नाथानमधला न्यायाधीश ज्या वागणुकीबद्दल बोलतो, तिचे याहून स्वच्छ उदाहरण शोधायला लांब जावे लागणार नाही.

दिवस सहावा, रविवार : येना

हालेहून नाउमबुर्गमार्गे सव्वा-दीड तास. उतरायचे स्थानक ‘येना पाराडीज’. रविवारी जर्मनीत दुकाने बंद असतात. पाणी आणि खाणे शनिवारीच घेऊन ठेवावे.

कांटच्या नैतिक श्रद्धेचा गाभा इथे समजून घेऊ. देव आहे किंवा नाही, यांपैकी काहीही बुद्धीने सिद्ध करता येत नाही, हे त्याने १७८१ मध्ये दाखवले. मग १७८८ च्या ‘व्यवहारबुद्धीची मीमांसा’ या ग्रंथात पुढची पायरी. कर्तव्य करायचे ते कर्तव्य म्हणून. बक्षिसाच्या आशेने केले तर ते नैतिक उरत नाही. पण नैतिक जीवन एक अखेरचे ध्येय समोर ठेवते : सदाचार आणि त्याला साजेसे सुख यांचा मेळ. हा मेळ निसर्ग घालून देत नाही. सज्जन हालात मरतो हे रोज दिसते. ज्या ध्येयासाठी झटणे कर्तव्य आहे ते अशक्य मानून झटता येत नाही. म्हणून तो मेळ घालू शकणारा देव मानणे ही व्यवहारबुद्धीची, म्हणजे कसे वागावे हे ठरवणाऱ्या बुद्धीची, गरज. क्रम उलटा करू नये, चूक नेमकी तिथेच होते. देव आहे म्हणून नीती, असे कांट म्हणत नाही. नीती आधीच बंधनकारक आहे, आणि तिच्यातून श्रद्धा येते. त्याचे शब्दही मोजके आहेत : ‘देव असणे निश्चित आहे’ असे म्हणायचे नाही, ‘माझी नैतिक खात्री आहे’ असे म्हणायचे. पुढच्या दाराने घालवलेला देव कांटने मागच्या दाराने घरात घेतला, हा जुना आक्षेप आम्हाला पटत नाही. सिद्ध करता आलेला देव माणसाला भयाने वागायला लावेल, कर्तव्याने नव्हे. ज्ञानाला मर्यादा असणे नीतीच्या हिताचे आहे, हे तो उघडपणे, कारणासह लिहितो.

आता येनाचा संबंध. प्रशियात ९ जुलै १७८८ ला मंत्री वोल्नरचा धर्मविषयक हुकूम निघाला, डिसेंबरात सेन्सॉरचा. कांटने १७९२ मध्ये धर्मावरचे चार लेख योजले. पहिला बर्लिनच्या सेन्सॉरने ‘तत्त्वज्ञानाचा’ म्हणून सोडला. दुसरा ‘बायबलविद्येत मोडतो’ म्हणून अडवला. हे लेख ज्या बर्लिनच्या मासिकात यायचे ते तेव्हा प्रशियाबाहेर छापले जात होते, परवानगी न मागताही चालले असते. पण चोरवाट काढली असे दिसू नये म्हणून कांटनेच बर्लिनची परवानगी मागायचा आग्रह धरला होता. मग त्याने चारही लेखांचा ग्रंथ केला. आधी ईश्वरविद्या विभागाकडून हे लिखाण त्यांच्या कक्षेत येत नाही असे ठरवून घेतले, आणि नंतर तत्त्वज्ञान विभागाची परवानगी घेतली ती येना विद्यापीठाची. १७९३ मध्ये ग्रंथ बाहेर आला. १ ऑक्टोबर १७९४ ला राजाच्या नावाने ताकीद आली. कांटने उत्तर दिले : ‘महाराजांचा अत्यंत निष्ठावंत प्रजाजन म्हणून’ धर्मावर यापुढे बोलणार नाही. १७९७ मध्ये तो राजा वारला. प्रजाजनपण त्या राजापुरतेच होते असे सांगून कांटने १७९८ मध्ये सारा पत्रव्यवहार प्रस्तावनेत छापला.

गावातले रोमांटिकरहाउस, उंटर्म मार्क्ट १२अ, हे कांटच्या वाटेने जाणारा तत्त्वज्ञ फिख्टे याचे घर. त्याने १७९८ मध्ये कांटचा विचार टोकाला नेला : जिवंत, कार्यरत नैतिक व्यवस्था हाच देव, वेगळ्या देवाची गरज नाही. नास्तिकतेचा आरोप झाला. फिख्टेने राजीनाम्याची धमकी लेखी दिली, सरकारने तोच राजीनामा धरला. १७९९ मध्ये तो बर्लिनला गेला.

दिवस सातवा, सोमवार : बर्लिन, उंटर डेन लिंडेन

येनाहून बर्लिन अडीच-तीन तास, म्हणून दुपारच. बेबेलप्लाट्झच्या कोपऱ्यात सेंट हेडविग हे घुमटाचे कॅथलिक चर्च आहे. प्रॉटेस्टंट राजधानीत फ्रीडरिश दुसरा याने त्यासाठी जागा दिली. बांधकाम १७४७ ला सुरू, प्रतिष्ठापना १७७३. ‘इथे ज्याने त्याने आपापल्या रीतीने तरावे’ हा त्याचा शेरा १७४० चा. या सहिष्णुतेची हद्दही त्याच शहरात दिसते : विज्ञान अकादमीने १७७१ मध्ये मेंडेल्सोनची निवड केली, राजाने तिला मान्यता दिलीच नाही.

दिवस आठवा, मंगळवार : मेंडेल्सोनचे बर्लिन

सकाळी श्पांडाउअर श्ट्रासे. क्रमांक ६८ चे मेंडेल्सोनचे घर आता नाही. पदपथावर दगडांत त्याच्या दर्शनी भागाचा आराखडा आडवा मांडला आहे. पायाखाली बघत चालावे, नाहीतर सरळ ओलांडून जाल. जवळच मारिएनकिर्शे हे चर्च. तिथले धर्मोपदेशक त्सोलनर यांनी डिसेंबर १७८३ मध्ये, विवाहाला पुरोहित हवाच का या वादात, एका तळटीपेत विचारले : ज्ञानोदय म्हणजे काय? मेंडेल्सोनचे उत्तर सप्टेंबर १७८४ मध्ये आले, कांटचे डिसेंबरात. प्रश्न मुळात एका धार्मिक विधीवरून निघाला होता, आणि कांटनेही उत्तरात मुख्य भर धर्माच्या बाबतीतच दिला.

मेंडेल्सोन १७४३ मध्ये चौदाव्या वर्षी देसाउहून आला. अकादमीच्या १७६३ च्या निबंधस्पर्धेत पहिला तो, दुसरा कांट. १७८३ च्या ‘येरुशलेम’ या पुस्तकात त्याने मांडले की श्रद्धेच्या बाबतीत सक्तीचा हक्क राज्याला नाही आणि धर्मसंस्थेलाही नाही. म्हणून बहिष्काराचा अधिकार कोणत्याच धर्मसंस्थेला नाही, यहुदींनाही नाही. पहिल्या दिवशी वॉटरलोप्लाइनवर जो ठराव आठवला, त्याला एका धर्मनिष्ठ यहुदीने १२७ वर्षांनी दिलेले हे उत्तर आहे.

हाकेशर मार्क्टपासून ग्रोसे हाम्बुर्गर श्ट्रासे पाच-सात मिनिटांवर. इथली जुनी यहुदी दफनभूमी १९४३ मध्ये गेस्टापोने, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांनी, उद्ध्वस्त केली. आज झाडे आणि हिरवळ, आणि मेंडेल्सोनच्या नावाची प्रतीकात्मक शिला. पुरुषांनी डोके झाकावे; फुले नव्हे, लहान खडा ठेवण्याची रीत आहे. शनिवारी आणि यहुदी सणांना येऊ नये.

लेसिंग स्पिनोझावादी होता, म्हणजे त्या काळच्या भाषेत नास्तिक, हे याकोबीने १७८५ मध्ये छापून टाकले. बुद्धीच्या वाटेने गेलात की शेवटी इथेच पोचाल, म्हणून डोळे मिटून श्रद्धेत उडी घ्या, असा त्याचा सांगावा. मित्राची बाजू मांडणारे हस्तलिखित मेंडेल्सोनने ३१ डिसेंबरला स्वतः चालत प्रकाशकाकडे नेऊन दिले. थंडी कडाक्याची होती. ४ जानेवारी १७८६ ला तो वारला.

मग दोन्ही बाजूंनी कांटकडे पाहिले. त्याचा लेख बर्लिनच्या त्याच मासिकात ऑक्टोबर १७८६ मध्ये आला. बाकावर बसून तासाभरात वाचून होतो. मेंडेल्सोनसारखे देवाला सिद्ध करणे त्याला मान्य नाही, याकोबीची उडीही नाही. तो ओळखीच्या अंधाऱ्या खोलीचे उदाहरण घेतो. एक वस्तू हाताला लागली की बाकीची मांडणी आठवते. पण कोणी गंमत म्हणून उजवीकडचे सगळे डावीकडे नेऊन ठेवले असेल तर? भिंती तशाच, तरी काहीच सापडत नाही. तेव्हाही आपल्या दोन हातांतला, डाव्याउजव्यातला फरक आपल्याला आतून जाणवतो, आणि त्याच्या आधाराने माणूस चाचपडत दिशा धरतो. देवाविषयी पुरावा संपतो तिथेही बुद्धीला तिची स्वतःची गरज अशीच दिशा दाखवते, आणि कांटची श्रद्धा त्या आधारावर उभी आहे.